राजपुत्र मेला तेव्हा

आमच्या काकांचं सांगतो. ते दर्यापूरचे भटजी, दहावं-तेरावं करणारे. परवा मी हातातल्या छोट्या गेम-कन्सोलवर पुराणातल्या राक्षसांशी लढत होतो, तर ते मागून वाकून पाहू लागले. मला वाटलं, देवादिकांचा खेळ मांडला म्हणून आता रागावतील. तेवढ्यात खेळातला माझा राजपुत्र मेला.

"गेला बिचारा," काका हळहळले.

लगेच राजपुत्र उठून उभा राहिला.

"अबे, हा उठला कसा?"

"काका, गेममधी मेला का परत जिता होते."

काका माझ्या बाजूला येऊन टेकले. "इतके वर्सं लोकायले वर पोचवून राहिलो, पण परत येनारा पयलाच पायला. पुन्हा मरू दे बरं त्याले. कुठून येते, ते मले नीट पाहू दे."