दुसऱ्यांदा आणलेला केक

(डेन्मार्कच्या पश्चिम किनाऱ्यावरचं एक बंदर. फुटबॉल क्लबची कपडे बदलायची खोली. सराव संपून बाकीचे खेळाडू गेलेत. टेबलावर अर्धा उरलेला केक, त्यात टोचलेले कागदी झेंडे. बचावफळीतले दोघे जोडीदार मागे राहिलेत.)

अस्गेर: आज गाणं नाही म्हटलंत कोणी.

एब्बे: घसे बसलेत सगळ्यांचे. बाहेर वारं बघ काय सुटलंय.

अस्गेर: वारं इथं कधी नसतं? छत्तिसावा वाढदिवस माझा, केक मी आणला, आणि तुमच्याच्यानं साधं गाणं होत नाही. गोलकीपर तर ताटलीत तोंड खुपसून बसला होता. दरवर्षी तोंडानं ट्रॉम्बोन वाजवायचं सोंग तोच करतो ना?

एब्बे: तोच.

अस्गेर: मग आज काय झालं?

एब्बे: केक छान होता. लोनेच्या बेकरीतला ना?

अस्गेर: विषय बदलू नकोस. मला कळत नाही असं वाटतं का? रविवारचा सामना हरलो तर आपण खालच्या विभागात जाणार. आणि सगळ्यांना वाटतंय, म्हातारा बाजूला झाला तर बरं. त्या स्वीडिश पोराला खेळवावं.

एब्बे: हाम्पुस नाव आहे त्याचं.

अस्गेर: असेल. समोरच्याला आडवा करायच्या आधी माफी मागतो तो.

एब्बे: स्वीडनचा आहे. जन्मतानासुद्धा सुईणीची माफी मागितली असेल त्यानं.

अस्गेर: हसवू नकोस. तुझ्याशीच बोलायचंय मला. माझे हेडर का चोरतोस तू?

एब्बे: मी कशाला चोरू?

अस्गेर: ईस्टरपासून बघतोय. चेंडू हवेत आला की तू मधे. जो चेंडू सरळ माझ्या कपाळावर येतोय, त्यालाही तू दहा पावलं पळत येऊन डोकं लावतोस. परवा सरावात तर खांद्यानं ढकललंस मला. नवा करार हवाय ना? मग ऑफिसात जाऊन माग. माझ्या डोक्यावर चढून कशाला मागतोस?

एब्बे: करार झालाय माझा. जानेवारीतच. तुला सांगितलं होतं.

अस्गेर: नाही सांगितलंस.

एब्बे: तुझ्या घरी, तुम्हा नवरा-बायकोसमोर सांगितलं. सिसेलनं मासे तळले होते. तूच बाटली उघडलीस.

अस्गेर: बरं, असेल. माणूस विसरतो एखादी गोष्ट.

एब्बे: वाढदिवस कधी होता तुझा?

अस्गेर: सोमवारी. हा काय प्रश्न झाला? मधे जमलं नाही, म्हणून आज गुरुवारी केक आणला.

एब्बे: सोमवारीही आणला होतास.

अस्गेर: काहीतरीच.

एब्बे: असाच. क्रीमचा, वर स्ट्रॉबेरी. सगळ्यांनी गाणं म्हटलं, ट्रॉम्बोनसकट. तू दोन्ही हातांनी कान झाकलेस आणि म्हणालास, यापेक्षा खालच्या विभागात गेलेलं परवडलं.

अस्गेर: चांगली फिरकी घेतोयस. कोणी शिकवलं तुला?

एब्बे: हा झेंडा बघ. सोमवारी मी एक पोरीसाठी खिशात घालून नेला होता. काडी चावून ठेवलीय तिनं. सकाळी कोट घातला तर हाताला लागला.

अस्गेर: असे झेंडे बाजारात ढिगानं मिळतात.

एब्बे: मिळतात.

अस्गेर: आणि तसं असतं, तर इतक्या जणांतलं कोणीतरी बोललं असतंच की. ही पोरं काय गप्प बसणारी आहेत?

एब्बे: मी बसवलं गप्प. तू गाडीतून खोका काढताना दिसलास मला खिडकीतून. मी त्यांना म्हटलं, हा निरोपाचा केक आहे. रविवारी शेवटचा सामना, म्हणून म्हातारा हळवा झालाय. मुकाट खा आणि निघा.

अस्गेर: म्हणून गाणं नाही.

एब्बे: म्हणून नाही.

अस्गेर: हे बघ, माझं डोकं ठणठणीत आहे. विचार काय विचारायचं ते. चल, मीच सांगतो. थ्युबोरॉनच्या गोदीमागचं मैदान, तिथं सुरुवात. वडील बोट लावून थेट सामन्याला यायचे, अंगाला माशांचा वास, म्हणून त्यांच्या शेजारी कोणी उभं राहायचं नाही. सतराव्या वर्षी पहिला करार. तेविसाव्या वर्षी जर्मनीत, दुसऱ्या विभागात. दोन हिवाळे बाक गरम केला. मग इकडे. पुढच्या वर्षी तू आलास. आख्ख्या कारकिर्दीत चार गोल, त्यातला एक आपल्याच जाळ्यात.

एब्बे: मग तीनच. आपल्या जाळ्यातला मोजत नाहीत.

अस्गेर: मी मोजतो. फार सुंदर होता तो. आणि राष्ट्रीय संघात एकदा बोलावणं. कोपनहेगनला जाऊन बाकावर बसून आलो. प्रशिक्षक म्हणाले, तू उजव्या पायाचा माणूस, डावीकडे खेळून स्वतःचं नुकसान करतोयस. क्लबात उजवी बाजू घे, मग बघू. पेपरवालेही तेच लिहायचे. बघ, सगळं पाठ आहे. विसरणारा माणूस असा बोलतो का?

एब्बे: जुनं नाही विसरत तू. ईस्टरच्या सामन्यात तुला कोपर लागलं, ते आठवतं?

अस्गेर: लागलं होतं थोडं.

एब्बे: उठलास आणि उरलेला सगळा वेळ माझ्यावर जर्मनमध्ये ओरडलास.

अस्गेर: चेष्टा केली असेल.

एब्बे: मलाही तेच वाटलं. पुढच्या सामन्यात मध्यांतरानंतर तू चुकीच्या बाजूला जाऊन उभा राहिलास. लोक हसले, तूही हसलास. मी हात धरून आणलं तुला. तुझा हात गार पडला होता, अस्गेर. तेव्हापासून तुझे चेंडू मी घेतोय. तुझ्या डोक्याला आणखी एकही लागू नये म्हणून. घरी गेल्यावर माझीच मान आखडते, बायको तेल चोळते आणि विचारते, या वयात एवढ्या उड्या कशाला मारतोस.

अस्गेर: लोने म्हणाली होती, "परत?"

एब्बे: कधी?

अस्गेर: आज सकाळी. मी केक सांगितला, तर ती म्हणाली, "परत?" मला वाटलं, बघता बघता परत वर्ष सरलं, असं म्हणायचंय तिला. मी म्हटलं, हो, काय करणार. ती हसली नाही. पैसे घेताना माझ्याकडे बघत राहिली.

एब्बे: हं.

अस्गेर: सिसेलला माहितीय?

एब्बे: मी बोललो नाही. पण तिच्या लक्षात येत नसेल असं वाटतं तुला?

अस्गेर: ती हल्ली रोज सकाळी माझ्या गाडीची किल्ली मुद्दाम टेबलावर माझ्यासमोर आणून ठेवते. मी म्हणायचो, मी काय लहान आहे का?

एब्बे: अस्गेर, क्लबच्या डॉक्टरांना सांगायला हवं.

अस्गेर: सांगितलं की रविवार गेला.

एब्बे: गेला.

अस्गेर: एकच सामना आहे रे. नव्वद मिनिटं. सोमवारी मी स्वतः जाईन त्यांच्याकडे. वडिलांनी तिकीट काढलंय. आता बोट नाही, काही नाही, तरी सामन्याच्या दिवशी पहाटे उठून बसतात. सदरा इस्त्री करून ठेवलाय म्हणे. त्यांना काय सांगू?

एब्बे: मला माहीत नाही.

अस्गेर: रविवारी घे ना तूच सगळे हेडर. मी फक्त उभा राहतो.

एब्बे: तू फक्त उभा राहणारा नाहीस. नाही जमणार तुला. चेंडू आला की तुझं डोकं आधी जाणार.

अस्गेर: आणि मी म्हटलं, डॉक्टरांना सांगायचं नाही, तर?

एब्बे: तरी सांगणार. आत्ता, इथून उठून. तू आयुष्यभर बोलला नाहीस माझ्याशी तरी चालेल.

अस्गेर: एवढं ठरवून बसलायस.

एब्बे: झोप नाही मला पंधरवडाभर. भीती वाटते. तू खाली पडलास की मी आधी तुझ्याकडे बघतो, मग चेंडूकडे. असा बचाव होतो का?

अस्गेर: नाही होत.

एब्बे: नाहीच होत.

अस्गेर: पोरांना काय म्हणालास? निरोपाचा केक?

एब्बे: हो.

अस्गेर: मग तसंच राहू दे. निरोपाचाच होता. माझ्यामुळे तू खोटा पडायला नको.

एब्बे: अस्गेर...

अस्गेर: चल, डॉक्टर निघून जातील. सिसेलशी रात्री बोलेन. वडिलांना गाडीतूनच फोन लावतो, नाहीतर सांगितलं की नाही तेच विसरायचो. हस की, मी गंमत केली.

एब्बे: हसतोय.

अस्गेर: गाडी तू चालव. आणि एक ऐक, रविवारसाठी. हाम्पुसला तुझ्या डावीकडेच उभं कर. उजवीकडून त्यानं कितीही बोंब मारली तरी तुला ऐकू जाणार नाही.

एब्बे: ...कोणी सांगितलं तुला?

अस्गेर: तू उजव्या कानानं बहिरा आहेस हे? कोणी नाही. आपला पहिला सामना. मी तेव्हा माझ्या नेहमीच्या जागी, तुझ्या उजवीकडे. गळा फाटेपर्यंत ओरडलो, तू मान वळवली नाहीस. गोल झाला. दुसऱ्या दिवशी प्रशिक्षकांना म्हटलं, मला डावीकडे खेळवा.

एब्बे: मला वाटायचं, त्यांनीच तुला तिकडे टाकलं.

अस्गेर: मी मागून घेतलं.

एब्बे: आणि कोपनहेगनवाले म्हणत होते, उजवी बाजू घे, तेव्हा...

अस्गेर: तेव्हा तू नवा होतास. क्लबाला कळलं असतं तर वर्षभरात घरी पाठवलं असतं तुला.

एब्बे: इतकी वर्षं बोलला नाहीस.

अस्गेर: तू तरी कुठं बोललास? तो उरलेला केक घे, पोरीला ने. झेंडेही घे.

एब्बे: घेतो.

अस्गेर: हाम्पुस डाव्या पायाचाच आहे ना?

एब्बे: हो.

अस्गेर: मग बरं. त्याला जड नाही जाणार.