नागली पीठ, चौदा नोंदी

दिनांक १६/०१/२०२६, सायंकाळी ५.४०

मी, धनेश जिवा भोये, वय ३३ वर्षे, व्यवसाय कंत्राटी भांडारपाल, राहणार जामसर, ता. जव्हार, जि. पालघर, पोलीस ठाण्यात समक्ष हजर राहून विचारल्यावरून सांगतो की,

मोखाडा येथील वनश्री शासकीय मुलींच्या वसतिगृहात मी चार वर्षे भांडाराचे काम पाहतो. दर अकरा महिन्यांनी मला नवा आदेश मिळतो. चालू आदेश ३१ जानेवारीला संपतो.

वसतिगृहाला नाचणी पीठ पुरवण्याचे काम जूनमध्ये जामसरच्या कणसरी महिला बचत गटाला मिळाले. गटाने अठरा हजार रुपये सुरक्षा अनामत भरली. ही रक्कम त्यांनी गिरणी घेण्यासाठी तीन वर्षे साठवली होती. वर्षाअखेर अनामत परत मिळाली की गिरणी घ्यायची, असे ठरले होते.

गटाच्या अध्यक्ष प्रमिला वातास दर पंधरवड्याला जीपने पीठ आणत. चलनावर त्या "नागली पीठ" लिहीत. आमच्याकडे नाचणीला नागलीच म्हणतात. मी साठा नोंदवहीत तसेच उतरवले. चलनात असेल तेच लिहायचे, असे मला शिकवलेले आहे. अशा चौदा नोंदी माझ्या अक्षरात आहेत.

डिसेंबरमध्ये बाहेरून आलेल्या तपासणी पथकाने, आदेशातील वस्तू नाचणी व पुरवलेली वस्तू नागली, सबब चौदा वेळा चुकीचा पुरवठा, असा शेरा मारला. मी त्या वेळी खोलीत हजर होतो. नंतर मी गृहपाल दीप्ती साबळे मॅडम यांना, कंसात नाचणी लिहू का, असे विचारले. मॅडम म्हणाल्या, "आता खाडाखोड केलीत तर आपण दोघेही घरी बसू."

२ जानेवारीला कंत्राट रद्द व अनामत जप्त झाल्याचे पत्र आले. मी त्याच गावचा असल्याने ते पोहोचवायला मला दिले. पत्र वाचून प्रमिलाताई म्हणाल्या, "धनेश, सकाळी आईनं काय थापलं तुला? नागली का नाचणी?" मी म्हणालो, "भाकरी." तिथे बसलेल्या बायका हसल्या. माझी आई हसली नाही. माझी आई रुपी याच गटात आहे. हे मला कार्यालयात कोणी विचारले नव्हते.

नोंदवहीत प्रत्येक नोंदीसमोर चवीचा रकाना असतो. चौदाही ओळींत मॅडमच्या अक्षरात "नाचणी भाकरी, चव चांगली" असे असून खाली सही आहे. अपिलासाठी प्रमिलाताईंनी या पानांची नक्कल मागितली होती. पंधरा दिवसांनी या, असे उत्तर मिळाले. अपिलाची शेवटची तारीख आज होती.

आज सकाळी ११.१० वाजता प्रमिलाताई व गटातील वयस्कर सदस्य धाकलीबाई कार्यालयात आल्या. मॅडम बैठकीला गेल्या होत्या. धाकलीबाईंनी फडक्यातली भाकरी माझ्या टेबलावर ठेवली व म्हणाल्या, "खा आन् सांग, काय हाय ती. तुज्या मॅडमला नाय कळं, तुला तं कळं." मी भाकरी खाल्ली नाही. दोन वेळा बाहेर जाऊन रस्ता पाहून आलो. तीन वेळा पाणी प्यायलो. प्रमिलाताई म्हणाल्या, "बस रं एका जागी. आम्ही मॅडमची वाट बघतोय, तुझी नाय."

११.२५ वाजता मी कपाट उघडले.

प्रमिलाताईंनी मला ढकलून नोंदवही हिसकावून नेली, अशी मॅडमची तक्रार मला वाचून दाखवली. ते खरे नाही. नोंदवही मी स्वतः त्यांच्या हातात दिली. त्यांनी मागितली नव्हती. झेरॉक्सचे दुकान कुठे आहे, तेही मी सांगितले. १२.४० वाजता त्या वही परत घेऊन आल्या, तेव्हा मॅडम परत आल्या होत्या. "वही बाहेर गेली कशी?" असे मॅडमनी सर्वांसमोर विचारले. मी दिली, हे मी सांगितले नाही. त्यावरून तक्रार झाली.

प्रमिलाताईंना ठाण्यात बसवल्याने धाकलीबाई कागद घेऊन अपील द्यायला एकट्याच जीपने जव्हारला गेल्या. त्यांना वाचता येत नाही. अपील दाखल झाले की नाही, मला अद्याप कळलेले नाही.

हा जबाब मला वाचून दाखवला तेव्हा "नागली"च्या जागी सगळीकडे "नाचणी" आले होते. मी विचारले असता लिहून घेणारे हवालदार म्हणाले, "अहो, एकच ना ते?" शब्द मी सांगितला तसा दुरुस्त केला आहे. हवालदारांचे वाक्यही जबाबात घ्यावे, अशी मी विनंती केल्यावरून ते घेतले आहे. बाकी मजकूर माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर आहे. खाली माझी व त्यांची सही आहे.