कपूरकाचरीच्या पुड्या

नाव पूर्ण लिहा, राजेश्वरीबाई — सूर्यभान तात्याबा दरेकर, वय वर्षे एकोणऐंशी पूर्ण. ‘अंदाजे ऐंशी’ नको, तुमच्या शाळेच्या मानपत्रात अंदाज शोभत नाही. शिक्षण चौथी. साखर कारखान्याच्या फाटकावर एकतीस वर्षे पहारा केला, पुढचे सारे शिक्षण तिथल्या लाकडी खुर्चीवर, स्वतःचे स्वतः. आणि ती तिसरी ओळ — ‘गेली बावीस वर्षे स्वतः लावलेल्या कपूरकाचरीचे खोकल्याचे औषध गावाला विनामूल्य दिले’ — ती खोडा. नाही, दुरुस्ती नको. खोडा.

का म्हणजे? परसात मोरीच्या कडेला ती हिरवी रांग दिसते ना — काय आहे ते? सांगा, संकोच करू नका. नाही सांगत? मी सांगतो. सोनटक्का. आल्याच्याच कुळातला, पण कपूरकाचरी नव्हे. अकोल्याच्या बाजारात एका कंदवाल्याने कपूरकाचरी म्हणून दिला, आणि वनौषधींच्या जुन्या पुस्तकातले चित्र हुबेहूब जुळले. गल्लीतल्या बायका म्हणायच्या, “आप्पा, सोनटक्का लई घमघमला तुमचा!” — मी एकेकीची चूक सुधारली. बावीस वर्षे सुधारली. पुढे त्याही कपूरकाचरी म्हणू लागल्या. मला वाटले, गाव शिकले! — तुम्हीसुद्धा गेल्या वर्षी ‘कपूरकाचरी काय सुरेख फुलली आहे’ म्हणालात. आठवते? खाली काय पाहता, कागद धरा, उडेल.

दर कार्तिकात मी कंद खणायचे, चकत्या करून वाळवायच्या, खलात कुटायच्या, वस्त्रगाळ पूड हिच्या हाती द्यायची. पुड्या बांधणे हिचे काम. लोक नेत, गुण येई, मी वहीत तारखेसह नोंदवी. आणि गेल्या महिन्यात चष्म्याचा नंबर काढायला नगरला गेलो — तुम्ही अहिल्यानगर लिहा, शासकीय नाव आहे — तेव्हा हिरडा घ्यावा म्हणून फैयाज काष्ठौषधीवाल्याच्या दुकानात शिरलो. नाव सांगितले. तो आनंदाने उठलाच — “म्हणजे केशरकाकूंचे मालक! बसा, बसा. काकू या खेपेला नाही आल्या? त्यांची कपूरकाचरी काढून ठेवलीय. दर कार्तिकात अर्धा किलो, चुकत नाहीत.”

मी बसलो नाही. हिरडाही घेतला नाही.

घरी येऊन विचारले. ही भाकरी थापत होती. थापायची थांबलीसुद्धा नाही. म्हणाली, “मग काय करू? लोकांच्या लेकरांच्या घशात कायबी घालू?” मी म्हटले, आणि माझी पूड? बावीस वर्षांची माझी पूड कुठे गेली? तर म्हणते, “दिवाळीच्या उटण्यात. वास झ्याक येतो.” — म्हणजे मी पहाटे पाटावर बसायचो, आणि माझी विद्या माझ्याच पाठीला चोळली जायची! हसा, बाई, हसू दाबू नका. मीही हसलो असतो, दुसऱ्याच्या घरी घडले असते तर. माझा स्वतःचा खोकला, एका थंडीतला, महिनाभराचा — तोही फैयाजच्याच पुडीने बसला. आणि मी वहीत लिहिले, ‘स्वानुभव उत्तम.’

तिला कसे कळले? हेच तर. फैयाजने नाही सांगितले, शेजारणीने नाही. पुस्तकातून कळले. तिला अक्षर मी शिकवले — लग्नानंतर दोन वर्षे, चुलीपुढे, राखेत बोटाने गिरवून. आणि तिने माझ्या मागे माझेच पान उघडले. त्यात स्पष्ट छापले आहे, पाकळीच्या बुडाशी शेंदरी छटा असते. आपल्या परसातले फूल दुधासारखे पांढरे. — मला दिसले नाही? कोण म्हणाले दिसले नाही? दिसले होते. पहिल्याच वर्षी दिसले. समासात पेन्सिलीने मीच लिहून ठेवले आहे, ‘आपल्याकडील मातीमुळे रंग उतरला असावा.’ — हे लिहू नका. हे बोलायचे नव्हते.

ती म्हणते, “सांगितलं असतं तर तुमी पुस्तकं बांधून माळ्यावर टाकली असती. मग त्या खुर्चीत बसून केलं काय असतं तुमी?” खरे असेल. पण ते टाकायचे की ठेवायचे, हे माझे मी ठरवायचे होते. साऱ्या गावाने मिळून माझी समजूत सांभाळली, जशी पाहुण्यांच्या वेड्या मुलाची सांभाळतात. शत्रूने केले असते तर भांडता आले असते.

तिचे नाव घालू? त्या ओळीत? — नको. तिने गावाचे भले केले, मान्य. तरीही नको. तिला विचारूही नका. हसत हो म्हणेल, आणि ते मला बघवणार नाही. आम्हा दोघांत मानपत्र कोणालाच नको. शाळेची शाल दुसऱ्या कोणाच्या खांद्यावर घाला. उठा आता, ऊन वर आले. चहा? ती करील म्हणाली, पण तुम्ही थांबू नका.

घरात बदल एवढाच झाला. पूर्वी संध्याकाळी मी मोठ्याने वाचत असे, ती निवडणटिपण करीत ऐकत असे. आता मी मनात वाचतो.