क्लॅम्प आणायला गेलो वसमतला

तुमाला गंमत सांगतो. कुरुंद्यात आमच्या अंगणात लेकरांना चढायला लोखंडी जंगलजिम हाये, त्याचा एक क्लॅम्प तुटला. वसमतचा दुकानदार फोनवर म्हणला, "माप पाहिल्याबिगर देत न्हाई." तुटका क्लॅम्प गंजून पाइपाला चिकटलेला, म्हणून मी आख्खं जंगलजिमच टेम्पोत टाकून नेलं.

दुकानदार क्लॅम्प शोधून राहिला, तवर त्याची नात धड बाजूनं जंगलजिमवर चढून बसली.

"उतर, बाई," दुकानदार म्हणला.

"न्हाई! मी हितंच राहणार!"

खाली ओढलं तर तिनं असं भोकाड पसरलं की बाजार गोळा झाला. शेवटी आजोबांनी शटर ओढलं, क्लॅम्प-पाना घेतला आन् नातीला धरून टेम्पोतच बसले.

घरी पोचलो तर आमची बायको दारातच हसत सुटली, "अवो, क्लॅम्प आणायला पाठवलं होतं, दुकानदार काहून आणला?"