फारुक पडद्यावर बुडाला

—छे हो, नट कसले! मिरकरवाड्यातले, मच्छीमार वस्तीतले खलाशी. चहा घ्या, निवतोय. आगबोटीतून उतरलेल्या माणसानं आधी चहा घ्यावा, तांगा काय, मिळेल. तर मी सिनेमा काढतो. हसा, सगळे हसतात. आमची ही म्हणते, लोक सिनेमे काढून बंगले बांधतात, तुम्ही होती ती आंब्याची कलमं विकलीत. मुंबईत स्टुडिओत होतो ना मी! शेट म्हणाला, कोळीण दाखव, कमरेवर टोपली दे नि नाचव. मी म्हटलं, शेट, टोपली डोक्यावर असते — तेवढ्यावरून गेली नोकरी. म्हणजे… खोटं कशाला बोलू, गाढवही म्हटलं त्याला. पहिलं चित्र संगमेश्वरला तंबूत लावलं. तिकीट काढून आला तो एकच, नि तोही एस.टी. चुकली म्हणून!

आता हे दुसरं. ह्यात मुसा तांडेलाच्या मचव्यावरून फारुक खलाशी पाण्यात पडतो नि बुडतो. सिनेमात हो! एरवी मासा आहे तो. झालं तेवढं चित्र मुंबईहून धुऊन आणलं नि हौसेनं मिरकरवाड्यात चादरीवर दाखवलं — हीच माझी अक्कल! फारुक बुडाला तशी त्याची आई हाजरा ऊर बडवायला लागली. फारुक शेजारी बसून चणे खातोय, तरी! बरं, तेवढ्यावर भागलं असतं — पण दुसऱ्या दिवशी मुसाच्या मचव्यावर माणूस चढेना. ज्या मचव्यानं माणूस खाल्ला त्यावर कोण जाईल? मुसा माझ्या दारात. "भास्करशेट, तुमी बुडवलात, तुमीच काढा." ऐन मासळीचे दिवस नि ह्याचा मचवा वाळूत. वाईट वाटलं हो मला, अगदी मनापासून.

मग काय, काढला बाहेर! सगळा वाडा किनाऱ्यावर, फारुक पाण्यात, मुसानं दोर टाकून ओढून घेतला, मी कॅमेऱ्याला चावी देतोय, तो घुर्र घुर्र करतोय, हाजरानं पोराच्या तोंडात साखर घातली — नि दुसऱ्या दिवशी मचवा समुद्रात! पण तुम्ही परके म्हणून सांगतो, पोटात ठेवा — आत फिल्मच नव्हती! रिकामा कॅमेरा! असती तरी ते वाचवणं चित्रात घातलं नसतं. माझ्या चित्रात फारुक बुडतोच. शेवटच बदलायचा तर तो मुंबईचा शेट काय वाईट होता? आता विचारतात, आमचं वाचवणं कधी दाखवता? मी सांगतो, मुंबईला धुवायला टाकलंय. धुतायत म्हणावं अजून!

हसत का नाही तुम्ही? कुठं जायचं म्हणालात? मिरकरवाडा… कुणाकडे? मुसाकडे. मेव्हणे. अस्सं. आणि उद्यापासून त्याच मचव्यावर…

अहो बसा! बसा खाली! इतके दिवस जातोय-येतोय मचवा, काही झालं का कुणाला? नाही ना? तुम्ही तोंड उघडलंत तर पुन्हा वाळूत येईल तो, मग तुमच्या बहिणीची चूल कशी पेटेल? — मी येतो. हो, मीच! उद्या पहाटे तुमच्या आधी मी चढतो. मला समुद्र लागतो, आतडी बाहेर येतात, आजवर सगळं चित्र खडकावर उभं राहून घेतलं — पण चढतो. बुडायचंच झालं तर आधी मी. मग तर गप्प राहाल? मान हलवलीत, पुरे. आता उठा, तो बघा तांगा. नि हे पाहा, मुसासमोर मी तुम्हाला ओळखत नाही.