गणितीणबाईंची जागा

तरंगत्या शहराकडे वर जाणाऱ्या पाळण्यासाठी आम्ही वजनकाट्याच्या रांगेत उभे होतो. माझ्या पुढे एक सासू आणि तिची दिवस भरत आलेली, परगावची सून.

“आई, शहर भरलंय म्हणतात. बाळाला वर राहू देतील ना?”

“देतील गं. गणितीणबाईंची जागा आहे की.”

“त्या कोण?”

“हे शहर हवेत टिकलंय ते त्यांच्या गणितावर. किती भार पेलेल ते त्यांनी काढलं. माणसं धरली, भांडीकुंडी धरली. स्वतःलाच धरायचं राहिलं.”

“मग?”

“लक्षात आलं तशा खाली उतरल्या.”

“एका बाईनं असा काय फरक पडणार होता?”

“सगळे हेच म्हणाले. त्या म्हणाल्या, उद्या प्रत्येकजण हेच म्हणेल. मग जन्मभर इथेच राहिल्या, वर बघत.”

“आणि त्यांची जागा?”

“रिकामी ठेवलीय. वर जन्मलेलं बाळ आधी त्यांच्या जागेवर धरतात, दुसरी जागा सुटेपर्यंत.”

“म्हणजे हेसुद्धा?”

“तुझा नवरा, मी, हा काटेवाला. सगळेच.”

“चला, पुढे या,” काटेवाल्यानं हाक दिली.

“अगं, चपला कशाला काढतेस? चपलांसकट करतात वजन.”

“असू दे, आई.”