झोपलेल्या मारुतीपुढं

जामसांवलीचा विषय निघाला म्हणून सांगतो. तिथला मारुती आडवा झोपलेला हाये अन् लोक अंगातलं भूत उतरवाले तिथं येतेत, हे तर तुम्हाले माहीतच हाये.

एका शनिवारी आई-बाबाले घेऊन मी तिथं गेलो होतो. बाबाचा कडक उपास. बीपीच्या गोळीपुरता घोट सोडला तर पोटात पाणी बी नाही. देवापुढं साष्टांग नमस्कार घातला, झटकन उभे राहिले अन् धाडकन पडले. चेहरा पांढराफटक.

"बुढ्याले बाहेरचं लागलं! उभं करा, देवाकडं तोंड करा!" लोक ओरडून राहिले होते. दोघांनी बगलेत हात घालून उभं केलं की बाबाची मान पुन्हा लटके.

आई गर्दीतून आत घुसली. "हात काढा आधी! इथं देव सोता झोपून हाये, अन् माह्या माणसाले काहून उभं करून राहिले?"

दोघांनी हात काढले. तिनं बाबाले आडवं केलं अन् त्यांचे पाय आपल्या मांडीवर उचलून घेतले. थोड्या वेळानं बाबानं डोळे उघडले.

जवळच्या सौंसर गावचे डॉक्टर म्हणाले, "उपाशी पोटी गोळी, त्यात पाणी नाही, अन् एकदम उठले. रक्त पायात उतरलं, डोक्याले कमी पडलं. गोळी मी बदलून देतो. पाणी पीत जा, अन् उठताना आधी थोडं बसा."

आता रोज सकाळी बाबा खाटेवर बसतात, शेजारी आई. त्यांची चुळबुळ सुरू झाली की ती खांद्यावर हात ठेवते.

"बसा अजून. तिकडं देव बी नाही उठला."